केस स्टडी: फ्रिट्सी मासारीचं करिअर १९३८ला का थांबलं

१ सप्टेंबर १९३२, बर्लिन, मेट्रोपोल थिएटर. ओस्कार श्ट्राउसच्या नव्या ऑपेरेटाचा पहिला प्रयोग. जर्मन नाव लांबलचक आहे, मराठीत अर्थ सांगायचा तर 'आपल्याला काय हवंय ते पक्कं ठाऊक असलेली बाई'. मेन रोलमध्ये फ्रिट्सी मासारी, वय ५०, मूळची व्हिएन्नाची, आणि त्या घडीला जर्मन भाषेतल्या ऑपेरेटाची सगळ्यात मोठी स्टार. मोठी म्हणजे किती, तर तिच्या नावाची सिगारेट निघत होती.

पुढच्या सहा महिन्यांत ती जर्मनीबाहेर होती. मार्च १९३८ला लंडनमध्ये तिची शेवटची भूमिका झाली, तीही इंग्रजीत. मग कॅलिफोर्निया, आणि १९६९ला लॉस एंजेलिसमध्ये वारेपर्यंत तीस वर्षं स्टेजवर काही म्हणजे काहीच नाही.

याचं एका ओळीतलं उत्तर सगळ्यांना माहीत आहे: ती ज्यू होती, नाझी आले, संपलं. उत्तर बरोबरच आहे, पण माझं त्यावर समाधान होत नाही, कारण तिच्याच दुनियेतले, तिच्यासारखेच हाकलले गेलेले कितीतरी लोक लंडनला, न्यूयॉर्कला पुन्हा उभे राहिले, अगदी हाउसफुल्ल बोर्ड लावून उभे राहिले. मग हिचंच का थांबलं? या एका प्रश्नासाठी ही केस उघडतोय. माझं मत आधीच सांगून टाकतो म्हणजे शेवटपर्यंत सस्पेन्स नको: मासारीचं भांडवल तिचा गळा नव्हता, तिचं बोलणं होतं, आणि ते भांडवल सुटकेसमध्ये भरून नेता येत नाही.

आधी थोडी पार्श्वभूमी

ज्यांना ऑपेरेटा म्हणजे काय ते माहीत नाही त्यांच्यासाठी: ऑपेरात साधारणपणे सगळं गाऊनच चालतं, ऑपेरेटात मधे मधे साधे बोलायचे संवाद असतात, विनोद असतो, नाच असतो, गाणी लोकांच्या तोंडी बसतील अशी असतात. नुसता सांगाडा बघितला तर आपलं संगीत नाटक आठवेल, पण तिथे तानांपेक्षा शब्दांचा खट्याळपणा जास्त, आणि विषय बहुतेक वेळा कोण कोणाला फसवतंय हाच.

मासारीचा जन्म २१ मार्च १८८२चा, व्हिएन्नाचा. लिंझ, हॅम्बुर्ग अशा ठिकाणी छोट्यामोठ्या भूमिका करत ती पुन्हा व्हिएन्नाला आली आणि डान्झर्स ऑर्फियम नावाच्या ठिकाणी काही वर्षं काम केलं. १९०३ला तिला एक मुलगी झाली, लीझल, लग्नाशिवाय, बाप कूडेनहोव घराण्यातला एक काउंट. त्या काळातल्या व्हिएन्नात एका तरुण नटीला हे किती जड गेलं असेल याचा अंदाज आपण करू शकतो. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

१९०४ला ती बर्लिनला गेली, मेट्रोपोल थिएटरमध्ये. आणि माझ्या मते इथे तिचं खरं शिक्षण झालं, व्हिएन्नात नाही.

मेट्रोपोलचा डायरेक्टर रिखार्ड शुल्त्स दरवर्षी एक भव्य रिव्ह्यू काढायचा. रिव्ह्यू म्हणजे सरत्या वर्षात शहरात जे जे झालं, राजकारण, फॅशन, नवी मोटार, कुणाचं लफडं, त्या सगळ्यावर गाणी, नाच आणि टोमणे. अख्खं बर्लिन बघायला यायचं, त्यात अधिकारी, सावकार आणि ज्यांची टिंगल चालली आहे ती मंडळी पण. आता यात गंमत अशी की प्रशियामध्ये (बर्लिन याच राज्यात) तेव्हा नाटकांवर पोलिसांची सेन्सॉरशिप होती, संहिता आधी पोलिसांकडे जायची आणि १९१८पर्यंत हा प्रकार चालू होता. म्हणजे कागदावर जे लिहिलंय ते निरुपद्रवी दिसायला हवं. पण कागदावर भुवई उडवलेली दिसत नाही, एखाद्या शब्दाआधी घेतलेला अर्धा श्वास दिसत नाही. जे म्हणायचं ते न म्हणता पोचवायचं हे कसब ज्याला जमेल तोच तिथे टिकणार, आणि मासारी तिथे वर्षामागून वर्षं नुसती टिकली नाही, राज्य केलं तिनं. हा माझा तर्क आहे, पण तिच्या रेकॉर्ड ऐकल्या की तो मला पटत जातो.

रेकॉर्डमध्ये काय ऐकू येतं

माझं जर्मन पुण्याच्या मॅक्स म्युलर भवनात शिकलेलं, म्हणजे रेल्वेचं वेळापत्रक समजतं आणि विनोद समजायला दोन सेकंद लागतात. तिची गाणी युट्यूबवर भरपूर आहेत, जुन्या शेलॅक तबकड्यांवरून घेतलेली, खरखर आहेच. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा खरं सांगतो, निराशा झाली. आवाज छान आहे, वर पण जातो, पण बापरे असं काही वाटलं नाही. मग एकदा शब्द समोर ठेवून ऐकलं आणि डोक्यात उजेड पडला.

'मादाम पोंपादूर'मधलं योसेफचं गाणं घ्या. लिओ फालचं ऑपेरेटा, ९ सप्टेंबर १९२२ला बर्लिनर थिएटरमध्ये पहिला प्रयोग. फ्रान्सच्या राजाची ही रखेल एका भित्र्या, बावळट कवीला नादाला लावायला बघतेय आणि तो काही लागत नाहीये, म्हणून ती त्याला बायबलमधल्या योसेफची उपमा देते, मालकिणीपासून पळ काढणारा तो सोज्वळ योसेफ. रेकॉर्डवर तिच्याबरोबर राल्फ आर्थर रॉबर्ट्स आहे. ध्रुपदात 'योसेफ' हे नाव परत परत येतं आणि ती दर वेळी ते वेगळं म्हणते: एकदा लाडात, एकदा कंटाळून, एकदा शिक्षिका वर्गात हजेरी घेते तशी. सूर तोच आहे, नोटेशनमध्ये काही फरक नाही. फरक सगळा बोलण्यात. मधेच ती सूर सोडून देते, दोन शब्द नुसते बोलून टाकते, पुन्हा सुरावर येते, आणि ते कधी झालं कळतही नाही. ऑर्केस्ट्रा बिचारा तिच्या मागे मागे चालतो.

हे भाषांतर होत नाही. म्हणजे शब्दांचं होईल, पण 'योसेफ'मधला तो लांबवलेला 'यो' आणि बर्लिनच्या प्रेक्षकाला त्यातून जे कळतं ते नाही होणार. दादा कोंडक्यांचा डायलॉग इंग्रजीत सबटायटल करून बघा म्हणजे मी काय म्हणतोय ते कळेल.

तिच्याभोवती उभा राहिलेला धंदा

या केसमध्ये लोक ज्याकडे दुर्लक्ष करतात तो भाग हा. साधारण १९१५पासून मासारी ही नुसती नटी राहिली नव्हती, तिच्या नावावर अख्खी प्रॉडक्शन लाइन चालायची. संगीतकार तिच्यासाठी लिहायचे, तिच्या मापाचं. लिओ फालचं 'दी कायझरिन' १९१५ला बर्लिनमध्ये आलं, ती झाली मारिया थेरेसा, ऑस्ट्रियाची महाराणी. (व्हिएन्नात मात्र हेच नाटक नाव बदलून करावं लागलं, कारण राज्य करणाऱ्या घराण्याची पूर्वज ऑपेरेटात नाचवायची कशी! बर्लिनला त्याचं काही सोयरसुतक नव्हतं.) मग १९१७ला बर्लिनमध्ये 'रोझ ऑफ स्तंबूल', १९२०ला ओस्कार श्ट्राउसचं 'शेवटचा वॉल्ट्झ', १९२२ला पोंपादूर, १९२३ला व्हिएन्नात 'क्लिओपात्राचे मोती', १९२५ला 'तेरेसिना', १९२६ला 'राणी'. नावं वाचली तरी कळतं, महाराणी, राजाची रखेल, क्लिओपात्रा, परत राणी. सत्ता हातात असलेली, वयाने शहाणी झालेली, पुरुषांकडे जरा वरून बघणारी बाई, हा तिचा साचा. सोळा वर्षांची भोळी पोरगी तिने विकलीच नाही, त्यामुळे वय वाढलं तसं काम कमी व्हायच्या ऐवजी रोल तिच्या वयाबरोबर पिकत गेले. हे फार कमी जणींना जमलंय, तेव्हाही आणि आताही.

बरं, नुसती हलकीफुलकी करमणूक असंही नाही. १९११ला माक्स राइनहार्ट या मोठ्या डायरेक्टरने तिला म्युनिकमध्ये ओफनबाखच्या 'सुंदर हेलन'मध्ये उभं केलं होतं, १९२६ला साल्झबुर्ग फेस्टिव्हलमध्ये कंडक्टर ब्रूनो वाल्टरच्या हाताखाली ती 'फ्लेडरमाउस'मधली आडेल गायली. पुढे पुढे तर ती बिनगाण्याच्या गद्य नाटकांतही उतरली आणि तिथेही चालली. म्हणजे गाणं काढून घेतलं तरी मासारी उरत होती. बोलणं काढून घेतलं तर काय उरलं असतं? प्रश्न तोच.

तेव्हाच्या बर्लिनमधल्या ऑपेरेटा थिएटरांत एकच नाटक रोज रात्री, महिनोन् महिने, तिकीटबारी थंड होईपर्यंत चालवायची पद्धत होती. सरकारी अनुदान वगैरे काही नाही, सगळं खाजगी. त्यामुळे एका स्टारचं नाव हेच भांडवल, हाच विमा. मासारी आहे म्हटल्यावर थिएटर भाड्याने घेणारा, कपडेपट शिवणारा, उधारी देणारा सगळे निर्धास्त. उलट बाजूने बघा: ती जाते तेव्हा ती एकटी जात नाही, आणि ही यंत्रणा कोसळते तेव्हा तीही तिच्याबरोबर जाते.

नवराही याच दुनियेतला: माक्स पालेनबर्ग, जबरदस्त विनोदी नट, संवादात जागच्या जागी भर घालण्यासाठी प्रसिद्ध, तोही व्हिएन्नाचा आणि तोही ज्यू. १९२८ला डायरेक्टर पिस्काटोरने बर्लिनमध्ये 'श्वाइक' केलं त्यात श्वाइक तोच. म्हणजे घरात दोन माणसं आणि दोघांचंही पोट जर्मन भाषेच्या बारकाव्यांवर. जोखीम एकाच टोपलीत.

१९३२

आता पुन्हा सुरुवातीच्या त्या रात्रीकडे. ३१ जुलै १९३२च्या निवडणुकीत नाझींना ३७ टक्के मतं मिळालेली, सभागृहात सगळ्यात मोठा पक्ष तोच. त्याच वर्षाच्या सुरुवातीला बेकारांचा आकडा ६० लाखांवर गेलेला. आणि बरोबर एक महिन्याने मेट्रोपोलमध्ये मासारी, संगीत ओस्कार श्ट्राउसचं, संहिता आल्फ्रेड ग्रुनवाल्डची. तिघं ऑस्ट्रियन, तिघं ज्यू. (हा श्ट्राउस म्हणजे वॉल्ट्झवाले श्ट्राउस नव्हेत. त्या घराण्याशी घोळ होऊ नये म्हणून याने आपल्या आडनावातला शेवटचा एस काढून टाकला होता. तरी घोळ होतोच.)

गोष्ट अशी: मानोन काव्हालिनी ही ऑपेरेटाची बडी स्टार. तिला एक मुलगी आहे, पण आपली आई कोण हे मुलीला माहीत नाही. मुलीचा जीव ज्या तरुणावर आहे तो लट्टू आहे नेमका या काव्हालिनीवर. आई काय करणार? जिला १९०३ला लग्नाशिवाय मुलगी झाली होती अशा पन्नाशीच्या स्टारला हा रोल दिला जातो, आणि प्रेक्षकांत बसलेल्या जाणत्या माणसाला हे सगळं माहीत असतं. त्यातलंच एक गाणं, बाईने एखादं प्रकरण का करू नये, असा सरळ सवाल. लोक नाहीतरी बोलणारच आहेत, मग करूनच टाकलेलं काय वाईट, असा एकूण सूर. मासारी हे अजिबात चावटपणे म्हणत नाही, म्हणूनच ते जास्त चावट होतं. कायदा समजावून सांगणाऱ्या वकिलासारखी शांतपणे एकेक मुद्दा मांडत जाते.

थिएटर तेव्हा आल्फ्रेड आणि फ्रिट्स रॉटर या भावांच्या साम्राज्यात. त्यांची बर्लिनमध्ये बरीच थिएटरं, सगळा डोलारा कर्जावर. जानेवारी १९३३मध्ये तो कोसळला आणि दोघं भाऊ लिख्टेनश्टाइनला पळाले. तिथे ५ एप्रिलला स्थानिक नाझींनी त्यांना पळवून जर्मनीला न्यायचा प्रयत्न केला, त्या झटापटीत आल्फ्रेड आणि त्याची बायको गेरट्रूड कड्यावरून पडून मेले. ऑपेरेटाच्या इतिहासात हे वाचताना अंगावर काटा येतो, कारण सहा महिन्यांपूर्वी हीच माणसं त्या थिएटरचा कारभार बघत होती.

मासारी आणि पालेनबर्ग त्या हिवाळ्यात जर्मनीतून बाहेर पडले.

नेमकं काय गेलं

इथे जरा थांबून हिशोब करू, कारण 'देश सोडला' या दोन शब्दांत बरंच झाकलं जातं.

पहिलं, प्रेक्षक गेला. २८ वर्षं ज्याच्याशी ती बोलत होती, ज्याला भुवई कळत होती, तो. आणि त्या प्रेक्षकातलाही मोठा भाग स्वतःच पांगला.

दुसरं, आणि हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं, तिचा सगळा माल गेला. फाल ज्यू, श्ट्राउस ज्यू, कालमान ज्यू, संहिता लिहिणारे बहुतेक सगळे ज्यू; नाझींनी या सगळ्यांची कामं स्टेजवरून हटवली. म्हणजे समजा मासारी ज्यू नसती आणि तिथेच राहिली असती, तरी तिच्या मापाचे ते रोल करायला मिळालेच नसते. संगीतकार लेहारला मात्र ठेवला, त्याची बायको ज्यू असूनही, कारण त्याची 'लुस्टिगे विट्वे' (इंग्रजीत 'मेरी विडो') खुद्द हिटलरला आवडायची. फाल १९२५लाच वारला होता, त्याचे दोघे भाऊ, तेही संगीतकारच, छळछावण्यांमध्ये मेले. लेहारचा संहिताकार फ्रिट्स ल्योनर-बेडा आउशविट्सला मारला गेला आणि लेहारला हात लागला नाही. यावर काय बोलायचं.

तिसरं, पालेनबर्ग. १९३३च्या उन्हाळ्यात त्याने साल्झबुर्गला राइनहार्टच्या 'फाउस्ट'मध्ये मेफिस्टो, म्हणजे सैतान, केला, म्हणजे जर्मन भाषा जिथे अजून खुली होती तिथे तो काम शोधत होता. २६ जून १९३४ला कार्ल्सबाडजवळ विमान कोसळून तो गेला. मासारी ५२ वर्षांची.

लंडन, मार्च १९३८

नोएल कॉवर्ड या इंग्लिश नाटककार-संगीतकाराची आणि तिची चांगली मैत्री जमली होती. त्याने तिच्यासाठी रोल लिहिला, नाटकाचं नावच 'ऑपेरेट'. तिची भूमिका लीझल हारेन, व्हिएन्नाची मुरलेली ऑपेरेटा स्टार, जी एका तरुण इंग्लिश नटीला चार शहाणपणाच्या गोष्टी सांगते. लीझल हे तिच्या स्वतःच्या मुलीचंही नाव, योगायोग असेल किंवा कॉवर्डचा लाड.

बर्लिनमध्ये तिच्या मापाचे रोल व्हायचे, इथेही झाला. फक्त मापं घेणारा शिंपी बदलला होता. कॉवर्डने तिला इंग्रजी बोलणारी परदेशी बाई केलं, म्हणजे उच्चार खटकला तरी चालेल, उलट शोभून दिसेल. हुशार उपाय आहे, कुठल्याही डायरेक्टरने हेच केलं असतं. पण याचा अर्थ असा की जिची सगळी ताकद भाषेच्या आत बसून भाषेशी खेळण्यात होती तिला भाषेच्या बाहेर पाहुणी म्हणून बसवलं. बर्लिनमध्ये ती टोमणा मारायची, लंडनमध्ये ती 'चार्मिंग' होती. दोन्हींत जमीन अस्मानाचा फरक आहे.

प्रयोग १६ मार्च १९३८ला, हिज मॅजेस्टीज थिएटरमध्ये. १२ मार्चला जर्मन फौजा ऑस्ट्रियात शिरल्या होत्या. म्हणजे पहिल्या अंकात ती व्हिएन्नाची स्टार म्हणून स्टेजवर आली तेव्हा तो देश नकाशावरून जाऊन तीन दिवस झाले होते आणि प्रेक्षकांनी त्याच सकाळच्या पेपरात ते वाचलं असणार. पाच दिवसांनी तिचा ५६वा वाढदिवस.

१३३ प्रयोग झाले. अगदी पडलं असं नाही, पण कॉवर्डच्या आधीच्या यशापुढे काहीच नाही. नाटकातलं जे गाणं पुढे गाजलं, आजही गातात, ते इंग्लंडमधल्या कफल्लक सरदारांच्या वाड्यांवरचं, चार इंग्लिश पुरुषांनी म्हणायचं. शब्दांचा खेळ, वर्गाची टिंगल, कोरड्या चेहऱ्याने मारलेले फटके. म्हणजे बघा, मासारीची जी खासियत ती त्या संध्याकाळी स्टेजवर होती, लोक त्यावर हसले पण, फक्त ती दुसऱ्याच्या भाषेत होती आणि दुसऱ्यांच्या वाट्याला गेली होती. मला या केसमधलं सगळ्यात बोलकं हेच वाटतं.

ज्यांचं जमलं

तुलना केल्याशिवाय माझा मुद्दा नुसताच मुद्दा राहील. रिखार्ड टाउबर, तोही ऑस्ट्रियन, बाप ज्यू घराण्यातला, तोही बर्लिनचा लाडका. तो इंग्लंडमध्ये गेला आणि शेवटपर्यंत गायला, सप्टेंबर १९४७ला कॉव्हेंट गार्डनमध्ये मोझार्ट गाऊन तीन-साडेतीन महिन्यांनी वारला. त्याचंही इंग्रजी काही खास नव्हतं, पण त्याच्याकडे गळा होता, आणि गळ्याला पासपोर्ट लागत नाही. मार्ता एगर्ट आणि यान किपुरा हे जोडपं, दोघं मोठ्या आवाजाचे, १९४३ला ब्रॉडवेवर 'मेरी विडो' घेऊन उभं राहिलं आणि ३२२ प्रयोग केले. एगर्ट तेव्हा ३१ वर्षांची, हेही खरं. ओस्कार श्ट्राउस अमेरिकेत जाऊन, युद्धानंतर ऑस्ट्रियात परत येऊन ऐंशीच्या घरात सिनेमाला संगीत देत होता.

एक उदाहरण आपल्या दारातलं. वॉल्टर कॉफमन, बोहेमियातला ज्यू संगीतकार, बर्लिनमध्ये शिकलेला, १९३४ला मुंबईत उतरला. तिथे चेंबर म्युझिक सोसायटी काढली, ऑल इंडिया रेडिओत युरोपियन संगीताचा विभाग सांभाळला, आणि आकाशवाणीची जी धून ऐकत आपल्या दोन-तीन पिढ्यांनी सकाळी दात घासले ती त्याचीच मानली जाते. त्याला मराठी येत नव्हतं म्हणून काही अडलं नाही. सुरांचं काम करणारा माणूस मुंबईतही सुरांचंच काम करू शकला. मासारीला मुंबईला आणून बसवलं असतं तर? तिच्याकडे देण्यासारखं होतं ते सगळं जर्मन शब्दांच्या मधल्या जागेत.

माझ्या मताविरुद्ध

आता प्रामाणिकपणे दुसरी बाजू. ५६ हे वय आहे. नवरा गेलेला, देश गेलेला, पहिल्यापासून सुरुवात करायची कुणाला हौस असते? शिवाय तिला थांबायचंच असेल, हा पर्याय आपण का धरत नाही? जिने जन्मभर आपल्याला काय हवंय ते ठाऊक असलेल्या बायका केल्या तिला स्वतःलाही ते ठाऊक असू शकतं. १९३९ला ती बेव्हर्ली हिल्सला गेली, तिथे लीझल होती, जावई ब्रूनो फ्रांक हा लेखक होता, आसपास टोमास मान, फॉइश्टवांगर, वेरफेल अशी अख्खी जर्मन साहित्याची कॉलनी वसलेली. लीझल तर युरोपियन फिल्म फंडाच्या कामात गळ्यापर्यंत बुडालेली, अडकलेल्या लोकांसाठी पैसे आणि कागदपत्रं जमवत. अशा घरात बसून माणूस हॉलिवूडमध्ये 'परदेशी काकू'चे दोन मिनिटांचे रोल मागायला जाईल का? तिच्या ओळखीचे कितीतरी नट गेले, पोटासाठी जावंच लागलं, त्यातल्या काहींना तर नाझी अधिकाऱ्यांच्याच भूमिका मिळाल्या.

तर वय आणि मर्जी, दोन्ही कारणं मला मान्य. पण वयाचा मुद्दा एकटा पुरत नाही, कारण आधीच बघितलं तसं तिचा साचाच वयाबरोबर पिकणाऱ्या बाईचा होता, आणि गद्य नाटकात ती आधीच शिरली होती. बर्लिन जागेवर असतं तर साठीतली मासारी ही सत्तरीतल्या मासारीची सुरुवात असती असं मला वाटतं. आणि मर्जीचं म्हणाल तर, जे आपल्याला अर्धंच करता येणार आहे ते न करण्याची मर्जी ही भाषेच्या मुद्द्यापासून वेगळी कशी काढायची?

३० जानेवारी १९६९ला ती वारली, ८६ वर्षांची होऊन. ३० जानेवारीलाच, १९३३ साली, हिटलर चॅन्सेलर झाला होता. यात अर्थ काही नाही, तारीख लिहिताना लक्षात आलं एवढंच.

त्या थिएटरचं पुढे

मेट्रोपोलची इमारत युद्धात बरीच पडली पण आतलं प्रेक्षागृह वाचलं, सोनेरी नक्षी, पुतळे, सगळं. १९४७ला तिथेच कोमिशे ओपर हे ऑपेरा हाउस सुरू झालं. पुढची कित्येक दशकं फाल आणि श्ट्राउसची ही ऑपेरेटा करायची कशी हेच लोकांना कळत नव्हतं असं दिसतं. मोठ्या आवाजाच्या ऑपेरा गायिका ती गायच्या, सगळे सूर बरोबर लागायचे, आणि ते गोड गोड, आजीच्या कपाटातल्या काचेच्या बाहुलीसारखं व्हायचं.

जानेवारी २०१५मध्ये बॅरी कॉस्की या डायरेक्टरने तिथे, त्याच सभागृहात, 'आपल्याला काय हवंय ते पक्कं ठाऊक असलेली बाई' परत उभं केलं. सगळं काढून टाकलं: कोरस नाही, भव्य सेट नाही, एक भिंत, तिच्यात एक दार, आणि फक्त दोन माणसं, जी धडाधड कपडे बदलत नाटकातल्या सगळ्याच्या सगळ्या भूमिका करतात. लोकांनी डोक्यावर घेतलं. मानोन काव्हालिनीचं काम त्याने ऑपेरा गायिकेला दिलं नव्हतं. डागमार मांत्सेलला दिलं होतं, जी मूळची गद्य रंगभूमीवरची नटी, पूर्व बर्लिनच्या डॉइचेस थिएटरमध्ये तयार झालेली. तेव्हा तिचं वय होतं ५६.